मन्मथअप्पाची साडेतीन मुकी मिनिटं

"बंद करा! आधी बंद करा ते! माझ्या नवऱ्याच्या तोंडात कुणाचं बोलणं घालायलाव तुम्ही?"

मन्मथ, ही तुझी बायको. आमच्या आडतीच्या गोदामात, सोयाबीनच्या थप्प्यांच्या मधोमध, कानाला हेडफोन लावून उभी. आवाज असा की मागची पोती वीतभर सरकली. मी तीस वर्षं उदगीरच्या मोंढ्यात, धान्याच्या बाजारात, सौद्याचा पुकारा करतोय. मी तुरीचा भाव पुकारला की तिकडं शिरूर अनंतपाळच्या शिवारात बैल कान टवकारतात. खोटं वाटत असेल त्यांनी बैलांना विचारावं. पण त्या दिवशी महानंदावहिनींपुढं मी कुजबुजतच बोललो.

"भावजी, मी तुम्हाला विचारायले. हे बोलणं कुणाचं हाय?"

"त्याचंच की वहिनी. मन्मथचंच."

"एवढं तर हे उभ्या जन्मात बोलले न्हाईत! आणि हे बघा, इथं ह्यांचं तोंड मिटलंय, तरी तुमचं चालूच हाय. पोटातनं बोलायलेत का हे?"

मी काहीतरी म्हणायला गेलो. वहिनींचं माहेर भालकीकडचं. राग एका हद्दीपलीकडं गेला की त्या कन्नडात शिरतात. "सुम्म कुंड्री!" म्हणाल्या. म्हणजे गप बसा. मी एका पोत्यावर गप बसलो.

तुला जाऊन तेव्हा अठरा दिवस झाले होते. सिनेमा पुरा होता. कापून, जोडून, सगळ्यांचे आवाज भरून तयार. राहिला होता फक्त तुझा. तुझी रीतच तशी. शूटिंगच्या वेळी आवाज घ्यायचाच नाही. मागाहून ह्या गोदामात बसायचं, पडद्यावरचे ओठ बघायचे आणि ज्याचं त्यानं बोलायचं. तुझं स्वतःचं सगळ्यांत शेवटी, पंगतीत वाढणारा शेवटी जेवतो तसं. ह्या खेपेला पंगत उठली आणि वाढणाराच जेवायचा राहिला.

तुझ्या बाकीच्या दृश्यांचं भागलं कसंबसं. दोन ठिकाणी तू नुसती मान हलवतोस, एका ठिकाणी पाठमोरा आहेस. अडलं ते शेवटच्या दृश्यात. उदगीरच्या स्टेशनावरचा बाक. एक मित्र गाव सोडून लेकाकडं पुण्याला निघालाय, तो मी. दुसरा गाव सोडत नाही, तो तू. का सोडत नाही, ते तो सांगतो. साडेतीन मिनिटं तुझे ओठ हलतात आणि अक्षर ऐकू येत नाही. कागदावर तू कधी काही लिहिलं नाहीस. संवाद सगळे डोक्यात, आणि डोकं तू बरोबर घेऊन गेलास.

म्हणून मी ते भरून काढायला बसलो होतो. चार पानं लिहिली होती, मन्मथ! त्यात माती घातली, माय घातली, मांजरा नदी घातली, किल्ल्याचे बुरूज घातले, वर थोडं आभाळ घातलं. बोलता बोलता मीच दोनदा रडलो. आणि वहिनी म्हणतात, पोटातनं बोलायलेत का.

मग त्यांनी हेडफोन काढून ठेवला आणि अगदी खालच्या आवाजात विचारलं. ते ओरडण्यापेक्षा वाईट होतं.

"तुम्ही तर शेजारीच बसला होताव ना, भावजी? मग खरं काय म्हणले ते सांगा. तेच बोला. मी आडवी येत न्हाई."

ह्यावर मी काय उत्तर दिलं ते सांगतोच. पण त्याआधी मला जरा मोकळं होऊ दे. तुला हे सगळं ठाऊक आहे, वाचणाऱ्यांना नाही. पेपरात तुझी बातमी तीन ओळींची आली. 'व्हिडिओ शूटिंग व्यावसायिकाचे निधन.' व्यावसायिक! सात सिनेमे काढलेल्या माणसाला! मी त्या पेपरच्या हापिसात जाऊन असा आवाज लावला की त्यांचं छपाईचं मशीन म्हणे तासभर बंद पडलं. तिथला माणूस म्हणाला, "काका, मग काय लिहायचं होतं? दिग्दर्शक?" मी म्हटलं, "लिही. दिग्दर्शक, लेखक, कॅमेरामन, शिंपी, पेंटर, पेटीवादक, आणि सिनेमा सुटल्यावर हॉल झाडणारा." तो म्हणाला, एवढी जागा नाही. तेही खरंच. मुंबईच्या सिनेमात शेवटी माणसांची नावं दहा मिनिटं सरकत असतात. तुझ्या सिनेमात नाव एकच, पण त्याच्यापुढं कामं एवढी की तेही दहा मिनिटं सरकायचं.

आणि लग्नाच्या शूटिंगला नाक मुरडणाऱ्यांना मी एवढंच सांगतो, की आमचा माणूस तिथंच शिकला. अख्खा मांडव अक्षता टाकत असायचा आणि तू कॅमेरा घेऊन मांडवाच्या मागं. नवरीचा बाप तिथं एकटा, चुलाणापाशी, रिकाम्या पातेल्यावर हात ठेवून उभा. तू त्याचे हात घेत बसायचास. मग कॅसेट बघून पाहुणे भांडायला यायचे. "अक्षता कुठं हायेत? हे काय पातेलं दाखवायलाव?" तू ऐकून घ्यायचास. पण माझ्या डोळ्यांदेखत, वीस वर्षांनी, त्यातलीच एक नवरी, आता तिचेच केस पिकलेले, तुझ्या दुकानात आली होती. अक्षता नको म्हणाली. "अप्पा, माझ्या वडलांचे ते हात तेवढे काढून द्या." तू कपाटातून ती कॅसेट अशी काढलीस, जशी काल ठेवली होती. मन्मथ, मी तेव्हा चहा प्यायच्या निमित्तानं बाहेर गेलो. चहा प्यालो नाही.

बोअरच्या गाडीची गोष्ट तर मी मोंढ्यात इतक्यांदा सांगितली आहे की आता लोकच मला सांगतात. मुंबईवाल्यांना कॅमेरा उंच न्यायला क्रेन लागते. तुला बोअरची गाडी दिसली. तिचा तो लोखंडी मनोरा आडवा असतो, भोक पाडायच्या आधी हळूहळू उभा राहतो. तू त्याच्या टोकाला कॅमेरा बांधलास, वहिनींच्या जुन्या लुगड्याच्या चिंध्यांनी. गाडीवाले चौघे तमिळ. त्यांना मराठी येत नव्हतं, तुला तमिळ येत नव्हतं, आणि पाच मिनिटांत ते चौघेही तुझे सहायक दिग्दर्शक झाले होते. त्या शॉटमध्ये आधी एक ढेकूळ दिसतं, मग शेत, मग गाव, मग लांबवर उदगीरचा किल्ला. मी तर म्हणतो, नीट बघणाऱ्याला बिदरचाही दिसतो, आणि हवा स्वच्छ असेल तर हैदराबादेत कुणाचं तरी लग्न चाललंय तेही. शॉट झाला, पण कॅमेरा खाली घ्यायच्या आधी गाडीवाल्यांनी मशीन चालू केलं आणि तिथं नेमकं पाणी लागलं. अख्खं गाव त्या फवाऱ्यात नाचतंय, शेतकरी तुझ्या पाया पडतोय, आणि तू एकटा बोंबलतोयस, "पाणी बंद करा! पाणी बंद करा!" पाणी लागलं म्हणून रडलेला माणूस मराठवाड्यानं तोवर बघितला नव्हता.

जिथं पाणी हवं होतं तिथं मात्र नव्हतं. किनवटला तुला एक लग्न मिळालं होतं. त्याला जोडून, ऐन वैशाखात, तू आम्हाला इस्लापूरला सहस्रकुंडच्या धबधब्यावर नेलंस. मी नायिकेचा बाप. मला धबधब्यात उडी टाकून जीव द्यायचा होता. तिथं जाऊन बघतो तर काळा कोरडा कडा, खाली एक डबकं, आणि डबक्यात म्हैस.

"आता?" मी विचारलं.

"उडी रद्द," तू म्हणालास. "कड्याच्या टोकाला उभा रहा, आणि नुसता खाली बघ."

"आणि पाणी?"

"पाणी मी आणतो."

आणलंस की! गोदामात पत्रा टाकला, दोन हमाल थप्पीवर चढवले आणि वरून ज्वारी ओतायला लावली. आधी पसाभर, मग सुपाभर, मग पोत्यानं. पडद्यावर नुसता माझा चेहरा आणि कानात ती ज्वारी. लातूरच्या हॉलमध्ये बायकांनी पाय वर घेतले होते. पुढच्या रांगेतल्या एका म्हाताऱ्यानं धोतर वर खोचलं, हे मी स्वतः बघितलं. बाहेर आल्यावर तो म्हणाला, यंदा धबधब्याला पाणी चिक्कार आहे.

तरी तुझ्या त्या ज्वारीचं कुणी कौतुक केलं नाही, आणि तुरीचं मात्र झालं. पुढच्या सिनेमाचे आवाज भरायला दोन महिने लागले. खोली म्हणजे काय, चारी बाजूंनी तुरीच्या पोत्यांच्या भिंती. आत बोललेलं आतच जिरायचं. पण मधेच तुरीचा भाव वाढला, गिऱ्हाईक आलं, आणि मी आडत्या माणूस, मी माल कसा अडवू? रोज एक एक भिंत जात गेली. सिनेमाच्या सुरुवातीला नायक बोलतो ते कानाशी बोलल्यासारखं, आणि शेवटाकडं बोलतो ते विहिरीतून. पुण्याकडच्या एका महोत्सवानं तो सिनेमा परत पाठवला. ध्वनी सदोष, म्हणाले. नांदेडच्या एका प्राध्यापकांनी मात्र तासभर भाषण दिलं. नायकाचं एकाकीपण वाढत जातं तसा आवाजातला पोकळपणा वाढत जातो, असा प्रयोग त्यांनी आजवर कुठंच बघितला नव्हता. मी उठून म्हणणार होतो, सर, पोकळपणा न्हाई, तूर गेली. तू माझा पाय दाबलास. इतका जोरात दाबलास, की त्या अंगठ्याचं नख आजतागायत वाकडंच येतं.

तुझं माझं भांडण दोनच गोष्टींवर. पहिलं माझ्या अभिनयावर. तू सदा सांगायचास, "व्यंकट, ओरडू नको." मी म्हणायचो, अरे, आवाज तू घेतच नाहीस, मग ओरडलं तर बिघडलं कुठं? तू म्हणायचास, "आवाज येत न्हाई. ओरडलेलं तोंड दिसतंय." हे मी आजही तुला कबूल करत नाही, पण सौद्याला उभा राहतो तेव्हा आता तोंड जरा कमी उघडतो. मला म्हातारा करायला तू डोक्याला ज्वारीचं पीठ चोळलंस आणि गोठ्यातल्या दृश्यात मागून वासरानं माझं सगळं म्हातारपण चाटून नेलं, तेव्हाही मी ओरडलो होतो. तेवढं एक ओरडणं तू सिनेमात ठेवलंस.

दुसरं भांडण मुंबईचं. ते बावीस वर्षं चाललं. लातूरकडं मुंबईची एक मंडळी शूटिंगला आली होती. तू त्यांच्यात आठ दिवस नुसता वायरी उचलायला होतास. नवव्या दिवशी त्यांचा कॅमेरामन तुझ्या खांद्यावर हात टाकून म्हणाला, चल मुंबईला, तू इथला माणूस नाहीस. मी शेजारीच उभा होतो. मी तर मनातल्या मनात तुझी वळकटीसुद्धा बांधली. आणि तू संध्याकाळच्या एसटीनं माझ्याबरोबर उदगीरला परत आलास. का? मी एसटीत विचारलं, तू म्हणालास, "खिडकी लाव, धूळ येतीय." पुढं दुकानात विचारलं, तू म्हणालास, "चहा घे." दिवाळीला विचारलं, पोळ्याला विचारलं, तुझ्या लेकीच्या लग्नात जेवताना विचारलं. बावीस वर्षं मी तुला एकच प्रश्न विचारला आणि चहा पीत राहिलो.

तुला न्यायची वेळ आली तेव्हाही हाच प्रश्न डोक्यात होता. तुमच्यात, लिंगायतांत, झोपवून नेत नाहीत. तुला पाटावर ताठ बसवलं होतं, कपाळभर विभूती, गळ्यात हार. भजनी मंडळ तुझीच पेटी वाजवत होतं, आणि तुझ्याइतकी बरी नव्हतं वाजवत. मी तुझ्यासमोर उभा राहिलो. तू बसलेला आणि मी उभा, आणि तू मला काही करायला सांगत नाहीस, असं आपल्या उभ्या दोस्तीत पहिल्यांदा झालं.

म्हणून ती साडेतीन मिनिटं मला हवी होती, मन्मथ. एक मित्र जातो, एक जात नाही, आणि जो जात नाही तो का जात नाही ते सांगतो. हे दुसरं काय होतं? हे माझ्या प्रश्नाचं उत्तरच होतं. चहा न पाजता, कॅमेऱ्यासमोर बसून, तू ते मला दिलं होतंस. मला, तोंडावर, हातभर अंतरावरून.

आता वहिनींना मी काय सांगितलं ते.

"वहिनी, त्याचं असं झालं," मी म्हणालो, "नेमकी तेव्हा मागं मालगाडी उभी होती. इंजिन असं धडधडत होतं की माझंच मला ऐकू येईना. वाघिणीच साठ-सत्तर असतील..."

वहिनींनी संगणकाकडं बोट केलं. बाक, तू, मी. आपल्या पाठीमागं रूळ. रूळ मोकळे. त्यावर एक कुत्रं झोपलेलं. जी बाई तीस वर्षं तुझ्या लग्नांच्या फिती जोडतेय, तिला मी मालगाडी विकायला निघालो होतो.

"गाडी निघून गेली असंल," मी म्हणालो.

"कुत्र्यावरनं?"

मग मी खरं सांगितलं. जन्मात पहिल्यांदा, एका दमात, एकही शब्द वाढवला नाही. त्या दृश्यात मला एकच वाक्य होतं, अगदी शेवटी: 'बरं, मग निघतो मी.' तू मला म्हणाला होतास, माझं मी बघतो, तू तुझं वाक्य तेवढं सांभाळ. दिवस मावळतीला आलेला. तू कॅमेरा तिकाटण्यावर लावलास, बटण दाबलंस, पळत येऊन शेजारी बसलास आणि बोलायला लागलास. आणि मी ते वाक्य घोकत होतो. 'बरं, मग निघतो मी.' 'बरं... मग, निघतो मी.' सतरा तऱ्हांनी. एकदा मान हलवून, एकदा उसासा टाकून. तू साडेतीन मिनिटं बोललास आणि मी माझ्या चार शब्दांची पाळी कधी येते ते बघत होतो. तू काय म्हणालास, वहिनी, मी ऐकलंच नाही.

मला वाटलं आता कन्नड येणार. वहिनी पोत्यावर बसल्या. पदरानं संगणकाचा पडदा पुसला, धूळ नसताना.

"त्या दिवशी घरला आले," त्या म्हणाल्या, "म्हणले, शॉट झाला. लई खूश होते. मी म्हणलं, हातपाय धुवा, भाकरी गार व्हायलीय. मीबी इचारलं न्हाई, काय बोललाव म्हणून. मला वाटलं, आवाज भरताना ऐकूच की."

भिंती सगळ्या शाबूत असल्यामुळं ते 'ऐकूच की' अगदी कानाशी बोलल्यासारखं ऐकू आलं.

"मुकंच ऱ्हाऊ द्या," वहिनी म्हणाल्या.

"अहो, लोक हसतील. म्हणतील, मशीन बिघडलं. शेवटचा सिनेमा हाय त्याचा!"

"हसू द्या. शेवटचा हाय म्हणूनच. दुसऱ्याचं बोलणं ह्यांच्या तोंडात न्हाई."

मी माझी चार पानं घडी करून खिशात घातली. ती मी फाडलेली नाहीत, हेही तुला सांगून ठेवतो. त्यातला मांजरा नदीचा भाग चांगला आहे.

परवा शिरूर अनंतपाळला सिनेमा लावला. मंगल कार्यालय, दुपारी दोनची वेळ, खिडक्यांवर मोंढ्यातल्या ताडपत्र्या. वहिनींनी स्वतः मशीन लावलं. मी दारात उभा राहून पुकारा केला आणि माणसं अशी आली, अशी आली, की बाहेर उभ्या असलेल्या पोलिसाला वाटलं आमदार येणार आहेत. खुर्च्या संपल्या, मग सतरंज्या संपल्या, मग लोक एकमेकांच्या मांडीवर बसले. हे शेवटचं मी वाढवून सांगतोय, पण फार नाही.

शेवटचं दृश्य आलं. बाक आला. तुझे ओठ हलायला लागले. मागून कुणीतरी सवयीनं ओरडलं, "आवाज! ए, आवाज!" दोघांनी शिट्ट्या घातल्या. मी भिंतीला पाठ लावून उभा. मग एक बाई मागं वळून म्हणाली, "आरं गप ना. माणूस बोलायलाय." आणि मन्मथ, अख्खा हॉल गप झाला. तोंडात सुपारी असलेल्यांनी ती चघळायची थांबवली. तीनशे माणसं पुढं झुकून एका बिनआवाजाच्या माणसाचं बोलणं ऐकत होती. मी मोंढ्यात आयुष्यभर ओरडलो, पण माणसं अशी पुढं झुकलेली मी कधी बघितली नाहीत. साडेतीन मिनिटं झाली आणि माझा आवाज आला: 'बरं, मग निघतो मी.' मला तो इतका मोठा वाटला की कानावर हात ठेवावेसे वाटले.

टाळ्या वाजल्या तेव्हा ताडपत्र्या हलल्या. हे मात्र खरं आहे. वहिनींना विचार. मी वहिनींकडं बघितलं, त्या मशीनपाशी ताठ उभ्या होत्या, पदर खांद्यावर घट्ट खोचलेला, आणि मान अशी वर, जशी तुझी पहिल्या सिनेमाच्या दिवशी होती.

बाहेर अंगणात भांडण जुंपलं. एक शेतकरी शपथेवर सांगत होता, तू जमिनीबद्दल बोललास, वाटणी करू नका म्हणालास. एक किराणा दुकानदार म्हणाला, छे, ते आईबद्दल होतं, आईचं नाव घेताना ओठ असेच मिटतात. एक मास्तर म्हणाले, दोन्हीही नाही, तो मित्राची माफी मागत होता. आवाज चढले. शेतकऱ्यानं दुकानदाराची गचांडी धरायची तेवढी बाकी होती. आणि मी बाजूला उभा राहून छाती फुगवून ऐकत होतो. एक दृश्य, आणि प्रत्येकानं त्यात आपापलं बोलणं ऐकलेलं. एवढे संवाद कुठल्या लेखकानं लिहिलेत? पेपरवाल्याला बोलवायला हवं होतं. आता लिही म्हणावं, व्यावसायिक!

मला दोघातिघांनी घेरलं. "तुम्ही तर शेजारीच होताव काका. खरं काय म्हणले?" माझ्या जिभेवर मांजरा नदी आली होती, मन्मथ. पार ओठांपर्यंत. मी ती गिळली.

वहिनी पायऱ्यांवर उभ्या राहून येणाऱ्या-जाणाऱ्याला नमस्कार करत होत्या. उदगीरच्या एका डाळमिलीतल्या आठ-दहा बायका रिक्षा करून आल्या होत्या, त्यांच्यातली कोंडाबाई चपला शोधत होती. तुला आठवत असेल, तुझ्या एका सिनेमात ती गर्दीत होती. वीस-बावीस वर्षं झाली असतील तिला मिलीत. तिथं मशीन चालू असलं की कानांचा उपयोग नसतो. दिवसभर त्या एकमेकींशी नुसत्या ओठांनी बोलतात. सुखदुःखं तशीच, शिव्याही तशाच. हे मला ठाऊक होतं, वहिनींना ठाऊक होतं, पण दोघांच्याही डोक्यात आलं नव्हतं. वहिनी आपलं सगळ्यांना विचारत होत्या, तसंच त्यांनी तिलाही विचारलं.

"कोंडाबाई, तुम्हाला काय वाटलं? काय म्हणले असतील हे?"

"वाटायचं काय त्यात?" कोंडाबाई म्हणाली. "दिसायलंय की."

वहिनींनी माझा दंड धरला.

"काय दिसायलंय?"

कोंडाबाईनं चप्पल पायात सरकवली.

"'उजेड चाललाय, हालू नको.' सारखं तेच म्हणायलेत. दुसरं काय न्हाई."